वऱ्हाड, राखणदार आणि शेठांचा ट्रक

पुतण्याचे वऱ्हाड लाटंबार्सेहून केरीला नेताना वाट दाखवण्याचे काम मी आपणहून अंगावर घेतले. नेहमीचा रस्ता खोदकामामुळे बंद होता. काजूबागांतल्या आडवाटांवर फोनमधला नकाशा तारून नेईल, असा माझा विश्वास. मागे आमचे भावजी त्यांच्या शेठांच्या ट्रकात उरलेले वऱ्हाडी भरून येत होते.

पेडण्यात शिरलो आणि फोनने आम्हाला नकाशावर शेजारच्या महाराष्ट्रात नेऊन बसवले.

वरपिता, म्हणजे माझा थोरला भाऊ, म्हणाला, "शिमेर राखणदाराक नारळ दिलो ना. तो कसो वाट दितलो?"

आम्ही वेशीवरच्या राखणदार देवापाशी थांबलो. अरुंद रस्त्यात ट्रक उभा राहीना, म्हणून भावजी पुढे गेले. नारळ फुटला आणि फोन शुद्धीवर आला.

"बघ! तुझे उपग्रह ताच्या मुठीत!" भाऊ म्हणाला.

पुढच्या फाट्यावर ट्रक पुन्हा मागे लागला आणि फोन बेशुद्ध. दुसरा राखणदार, ट्रक पुन्हा पुढे, दुसरा नारळ, तोच चमत्कार. मी विज्ञान शिकलेला. पण दुसऱ्या नारळाची शेंडी मीच सोलली.

तिसऱ्या ठिकाणी रस्ता रुंद असल्याने ट्रकही थांबला. नारळ फुटला, फोन निपचित.

"नारळ कुजको आसतलो," भाऊ पुटपुटला.

मुहूर्त टळायच्या बेतात होता. मुंडावळ्या सावरीत नवरदेव म्हणाला, "काका, चलत जावया?"

तेव्हा भावजी खाली उतरले. "रागावू नाका. ट्रक खंय आसा तें शेठाक दिसू नये म्हणून एक यंत्र लायलां. उपग्रहाचो सिग्नलच मारता."

ट्रक त्यांनी न विचारता आणला होता. यंत्र काढावे तर त्यांची नोकरी, ठेवावे तर आमचा मुहूर्त. 'काढा' असे मला म्हणवेना. आणि माझ्या सौजन्याचा सारा भार त्यांच्यावर पडतो आहे, हेही कळत होते. अखेर त्यांनीच ते उपटले.

माझा फोन अजून उपग्रह शोधत असतानाच भावजींचा वाजला.

"इतलो वेळ दिसलो ना, आतां ट्रक पेडण्यात कित्याक रे?"

"शेठ, लग्नाचें वऱ्हाड आसा. वाट चुकलो."

मग, "नवरो खंय आसा?"

"हांगाच, माझ्या मुखार."

"मगे उलटो फिर! देवळाकडसून दावो घे. दावो म्हटलो रे, उजवो न्हय!"

केरीच्या मांडवात अंतरपाट धरला गेला, तेव्हाही भावजी फोन कानाला लावूनच उभे होते. भटजींच्या आवाजावर शेठांचा आवाज चढला, "पावलो मरे नवरो?"

"पावलो, शेठ. हातात अक्षता आसात."

"मगे जेवून ये. आनी तें यंत्र माका आणून दी."