झग्याच्या आतला खिसा

"इकामा?"

चेकपोस्टवरच्या पोलिसाने टॅक्सीच्या खिडकीतून हात पुढे केला. मी खिसा चाचपला. रिकामा. इकामा म्हणजे सौदीत राहायचा परवाना. सकाळी सायरन वाजला तेव्हा मी कपडे बदलत होतो. गॅस मास्क तेवढा उचलून पळालो, इकामा काढलेल्या शर्टातच राहिला. आखाती लढाईचे दिवस. कागदाविना सापडलेला माणूस थेट कोठडीत, नाहीतर परतीच्या विमानात.

मांडीवर झग्याचं बोचकं होतं. अल-खोबर शहराजवळच्या, अमेरिकन कुटुंबांच्या कंपाउंडमधल्या टीचर मॅडमचं. चार वाजता शाळेत त्यांचा एकपात्री प्रयोग होता. दुसऱ्या दिवशी मुलांना घेऊन सगळी कुटुंबं देश सोडणार होती. म्हणजे प्रयोग आज नाहीतर कधीच नाही.

तिकडे पुरुष टेलर बाईचं माप घेत नाही. घरून जुना ड्रेस येतो, त्यावरून आम्ही कापतो. मॅडमनी ड्रेस, एक चित्र आणि चिठ्ठी ड्रायव्हरकडून पाठवली होती. ‘झग्याला कमरेशी चीर ठेवा. आत नाडीने बांधायचा वेगळा कापडी खिसा शिवा.’ चीर मी ठेवली. खिसा गाळला.

"आतलं कोन बघतंय?" मी दुकान चालवणाऱ्या उस्मानभाईंना म्हणालो होतो.

"चिठ्ठीत लिवलाय ना रे?" ते म्हणाले. मी ऐकलं नाही. वीस वर्षं कात्री चालवल्याची मस्ती, दुसरं काय.

पोलिसाने चौकीतून दुकानात फोन करू दिला. उस्मानभाई खोलीवर जाऊन इकामा घेऊन येईपर्यंत दीड तास मी उन्हात बसून होतो. घाबरलो होतो, खोटं कशाला बोलू? ते आले, पोलिसाने इकामा उलटसुलट पाहिला आणि म्हणाला, "खलास, यल्ला." झालं, निघ आता.

साडेतीनला कंपाउंडवर पोचलो. मॅडमना तेव्हा प्रथम पाहिलं. उंच, काळ्या. झगा घालून आल्या, चिरेतून हात आत घातला आणि थांबल्या.

"मास्टर, पॉकेट?"

"मॅडम, आतला खिसा कुणाला दिसणार?"

त्यांनी हातातला घडी केलेला कागद वर धरला. इंग्रजीतच, पण मला समजेल असं सावकाश बोलल्या. "अमेरिकेवर इंग्रजांचं राज्य होतं तेव्हाची माझ्या नाटकातली ही बाई. काळी, पण गुलाम नाही. स्वतंत्र. बाजारात स्वतः भाजलेले पाव विकायची. हा तिच्या स्वातंत्र्याचा कागद. तो जवळ नसला, तर कुणीही तिला धरून विकेल. मग असा कागद ती हातात मिरवेल का?"

मला मेल्याहून मेल्यासारखं झालं. इकाम्यापायी मला फार तर कोठडी झाली असती, नोकरी गेली असती. मी पायरीवर बसलो, कापड मागितलं आणि सुईत दोरा ओवला. चारला पाच मिनिटं कमी असताना खिसा तयार झाला.

प्रयोगात प्रेक्षकांत बसलेल्या एका मुलाने शिपाई होऊन दरडावलं, "कागद दाखव!" मॅडमचा हात चिरेतून आत गेला. माझा हात आपोआप छातीवरच्या इकाम्यावर गेला.

कागद बाहेर आला तेव्हा मुलांआधी मीच टाळी वाजवली.

तेव्हापासून गिऱ्हाईकाने खिसा सांगितला की मी "कशाला?" विचारत नाही. मुकाट्याने शिवतो, आणि वर बटण लावतो.