चाळीस पोळ्या

गेल्या शनिवारी नेदरलँड्समधल्या युट्रेख्ट शहरातल्या आमच्या इमारतीत सहा घरांचं एकत्र जेवण झालं. माणसं चौदा होती, आणि तळमजल्यावरच्या मेक्सिकन बाईंनी आणलेल्या मक्याच्या पोळ्या चाळीस.

या बाई हळू बोलतात आणि दर दोन वाक्यांत त्यांची आजी येते. रात्रभर चुन्याच्या पाण्यात ठेवलेला मका त्या सकाळी चोळून धुतात, वाटतात आणि तळहातांवर थापतात. मला एकदा म्हणाल्या, "आजी म्हणायची, चुन्याशिवाय मका अंगी लागत नाही. इकडच्या लोकांनी आमचा मका आणला, चुना नाही आणला. नुसत्या मक्यावर राहिले ते आजारी पडले."

हे ठाऊक असूनही जेवताना मी शेजारच्या गृहस्थांना हळूच सांगितलं, "यात भिंतीला लावतात तो चुना असतो." मला जेवायला बसलेल्यांत चोखंदळ दिसायचं होतं. बोलणं टेबलभर फिरलं. बाईंनी एक पोळी स्वतः खाल्ली आणि उरलेल्या एकोणचाळीस फडक्यात बांधून नेल्या.

माझे वडील रोज जेवणानंतर पानाला चुना लावून खात. चौऱ्याऐंशी वर्षं जगले.

रविवारी मी बाईंकडे गेलो आणि जेवताना मी काय बोललो ते आणि वडिलांचं, दोन्ही सांगितलं.

"वडिलांचं काल का नाही सांगितलंत?" त्यांनी विचारलं.

त्यांनी फडकं सोडलं, दोन पोळ्या तव्यावर गरम केल्या, मीठ भुरभुरून माझ्यापुढे ठेवल्या. त्या मी खाल्ल्या. सदतीस उरल्या.