लायसन्सवाला मागच्या सीटवर

आमच्या गाडीचा एसी लावला की आजही सुक्या बोंबलाचा वास येतो.

एसी बिघडलेला नाही. जे काय बिघडलं ते माझ्या देखरेखीखाली बिघडलं! (मी बोईसरच्या एमआयडीसीत शिफ्ट सुपरवायझर आहे. देखरेख हाच माझा धंदा, हे आधीच सांगितलेलं बरं.)

माझी बायको भारती बोईसरजवळच्या, समुद्रकाठच्या नवापूरची. वडील होडीवर तांडेल, म्हणजे कप्तान. माहेरची सुकी मासळी ती बोईसरच्या बाजारात विकते. पण मासळीची पाटी दिसली की रिक्षावाले नाक मुरडायचे. एक दिवस तिने जाहीर केलं, "मी गाडी शिकनार. माजी मासळी मीच नेनार!" शिकाऊ लायसन्स आलं, गाडीला पुढे-मागे लाल 'एल' चिकटले आणि पक्क्या लायसन्सचा धनी म्हणून शेजारी बसायचं काम माझ्याकडे आलं.

पहिल्याच दिवशी मी नियम ऐकवले. "लायसन्सवाल्याने शिकाऊच्या शेजारीच बसायचं. हात हँडब्रेकपाशी, नजर रस्त्यावर. आणि गाडीत हुकूम एकाचाच!"

"कुनाचा?"

"माझा!"

"बरं," ती म्हणाली. (ती इतक्या सहज 'बरं' म्हणाली की समजायचं, काहीही बरं होणार नाही.)

पण शिकली छान. सोमवारी पालघरला तिची परीक्षा होती आणि रविवारी आम्ही मासळी आणायला नवापूरला गेलो. निघताना सासरे म्हणाले, "मी पन येतो बोईसरला," आणि पुढचं दार उघडून आत बसले! भर वादळात होडी हाकणारा हा माणूस गाडीत मागे बसला की त्याला उलटी होते.

"मागं बसलो का पोटात ढवलतं माज्या. लायसन काय, गाडीतच हाय ना? पुडं काय न मागं काय!"

कंपनीत मी भल्याभल्यांना झापतो. पण सासऱ्याला सीटवरून उठवणारा जावई अजून जन्माला यायचाय. "बसा ना बाबा, बसा!" म्हणत मी मागे गेलो आणि बोंबलांची पाटी मांडीवर घेतली.

गल्ली उताराची. खाली मोकळ्या जागेत जनाआत्याचे बोंबील बांबूंवर वाळत होते. जनाआत्या ही सासऱ्यांची बहीण, आणि गावात तिच्या आवाजाला सगळे वचकून असतात.

"भारते, आत्याकडं जरा लाव. निरोप द्यायचाय," सासरे म्हणाले. "आनि मशीन बंद कर!"

"आताच?"

"मंग कवा? बंदराला लागताना मशीन आदीच बंद करायची. होडी आपसूक लागते!"

मी मागून ओरडलो, "नको! ब्रेक मार, ब्रेक!"

"होडीला कुटं असतो बिरेक?" सासरे गरजले.

लहानपणापासून भारतीने बापाचा शब्द मोडला नाही. माझा रोज मोडते. तिने किल्ली फिरवली!

इंजिन गप्प, गाडी उताराला, स्टिअरिंग आणि ब्रेक दोन्ही दगडासारखे जड. मी हँडब्रेकवर झेप घेतली, पण माझ्याआधी मांडीवरची पाटी तिथे पोचली. हँडब्रेक बोंबलांखाली गडप! त्यात चाचपडून हाताला लागलं ते मी जीव खाऊन ओढलं. तो सासऱ्यांचा सदरा होता.

"नांगर टाक!" सासरे किंचाळले. "नांगर!"

नांगर नव्हता, म्हणून आम्ही सरळ जनाआत्याच्या बांबूंत शिरलो आणि तिथे थांबलो. कुणाला खरचटलंही नाही. फक्त काचेवर, वायपरवर, टपावर बोंबील लोंबत होते आणि त्यांचा चुरा एसीच्या जाळीत शिरला होता.

जनाआत्या कमरेवर हात ठेवून आली. "लायसन कोनाचं हाय?"

सासऱ्यांनी बिनदिक्कत मागे बोट केलं. "जावयाचं."

"मंग जावई मागं काय करत व्हते?"

"पाटी धरून बसलो होतो, आत्या."

तिने गाडीत डोकावून पाहिलं. "ती तरी धरली का नीट?"

भारतीने किल्ली माझ्या हातात ठेवली. डोळे भरले होते. "उद्या मी नाय जानार. मला नाय जमायचं." तेव्हा मात्र मला खरंच वाईट वाटलं. एवढ्या दिवसांची तिची मेहनत आम्ही दोन शहाण्यांनी मिळून उतारावर सोडून दिली होती.

"नाय कशी जानार?" जनाआत्या कडाडली. "रिक्षावाले माज्या पाटीला पन नाक मुरडतात. पास होऊन ये. हे बोंबील आता तूच बाजारात न्यायचे!" आणि किल्ली माझ्या हातातून काढून तिने भारतीच्या मुठीत कोंबली.

सोमवारी पालघरपर्यंत मी शेजारी बसलो, हँडब्रेकवर हात ठेवूनच. परीक्षेला साहेब तिच्या शेजारी बसले आणि मी बाहेर उभा राहिलो. "थांबवा" म्हटल्यावर तिने इंजिन चालू ठेवून अलगद ब्रेक लावला. साहेबांनी खुशीत एसी सुरू केला आणि लगेच काच खाली केली.

"गाडीत काय आहे हो बाई?"

"काय नाय साहेब. वडलांचा आशीर्वाद!"

पास झाली.

आता सकाळी भारती झोकात गाडी काढते. शेजारी जनाआत्या असते. सुट्टीच्या दिवशी मीही जातो, अर्थात मागे. परवा मी सुपरवायझरच्या आवाजात बजावलं, "नियम आहे, मागच्यांनीही पट्टा लावला पाहिजे!"

भारतीने आरशातून पाहिलं. "लावलाय की. पाटीला. तुमच्या भरवशावर कोन ठेवनार?"