बिलिंबीचं आंबट

माझ्या नाकावर राग लग्नाआधीपासूनच होता, त्याचं खापर मी सासरच्यांवर फोडत नाही. पण त्या वर्षी चैत्रापासून ज्येष्ठापर्यंत जेवढा राग गिळला तेवढा जन्मात कधी गिळला नाही. आणि कशापायी, तर एका बरणीपायी.

पन्नास साल उलटून दोन-तीन वर्षं झाली असतील. मी नंदाखाल गावच्या वाडीत सून म्हणून आले त्याला तेव्हा वर्षही झालं नव्हतं. येताना दोन ट्रंका आणल्या होत्या. त्यातल्या एकीच्या तळाशी, पैठणीच्या घडीत, व्हर्नाक्युलर फायनल, म्हणजे सातवीची मोठी परीक्षा, पास झाल्याचा कागद होता. चैत्रात लोकल बोर्डाचं पत्र आलं. गावातल्या मुलींच्या शाळेत शिक्षिकेची जागा होती, आणि जूनमध्ये शाळा उघडेल त्या सोमवारी हजर व्हायचं होतं. त्या दिवशी गेले नाही तर जागा दुसरीला जाणार, असं खाली स्वच्छ लिहिलं होतं.

मला ती शाळा हवी होती. उगाच आढेवेढे घेऊन सांगत नाही, फार हवी होती. रात्री अंथरुणावर पडल्या पडल्या मी मनातल्या मनात फळ्यावर बाराखडी काढत असे. आमच्या ह्यांना विचारलं तर ते म्हणाले, आईला विचार. मामंजींच्या कानावर घातलं तर तेही केळीच्या वाडीकडे निघता निघता म्हणाले, तिला विचार. म्हणजे घरात दोन पुरुष, पण दोघांचं मिळून उत्तर एकच.

सासूबाई तेव्हा पाट्यावर वाटत बसल्या होत्या. सगळं ऐकून घेतलं, वरवंटा बाजूला ठेवला आणि म्हणाल्या, "आधी ह्या घरातलं आंबट जमू दे. मग बाहेरची शाळा."

आंबट म्हणजे काय ते सांगायला हवं. आमच्या विहिरीजवळ बिलिंबीचं झाड होतं. बोटभर लांबीची हिरवी फळं थेट खोडालाच लगडत, आणि चावली तर दोन्ही डोळे आपोआप मिटावेत इतकी आंबट. ती उभी चिरून मीठ लावून दगडी परातीत उन्हात ठेवायची. दुपारपर्यंत त्यांना पाणी सुटतं. सुक्या मिरच्या, लसूण, जिरं त्याच पाण्यात वाटायचं, चिमूटभर गूळ घालायचा, आणि फोडींसकट सगळं मातीच्या मडक्यात मंद जाळावर आटवायचं. पळीवाढी झालं की चिनीमातीच्या बरणीत भरायचं. तळलेले बोंबील असोत, कोळंबी असो, साधी मांदेली असोत, ताटात मासळी आली की शेजारी ते आंबट हवंच. नसलं तर मामंजी ताटाकडे बघत नुसते बसून राहत. ते बसणं फार वाईट असे.

सासूबाईंच्या हातचं आंबट आठवडाभर काय, पंधरा दिवसही जसंच्या तसं राही. आणि गंमत अशी, की त्या स्वतः ते खात नसत. गळ्यात तुळशीची माळ घातली तेव्हापासून मासळी सुटली, आणि मासळीच्या पंगतीत फिरणारी बरणी म्हणून आंबटही सुटलं. मला हा अन्याय वाटे. जी बाई स्वतः चाखत नाही, ती माझी परीक्षा घेणार कशावरून? तर म्हणाल्या, आठ दिवस बरणी टिकली पाहिजे, बस्स. चव बघणारे घरात आहेत.

मला वाटलं, हे तर सोपं आहे. शिकायचं म्हणजे रीतसर, म्हणून त्यांचं पुढचं आंबट होताना मी डोळ्यांत तेल घालून बसले. त्या मीठ मुठीनं घेत. आता त्यांची मूठ मोठी आणि माझी चिमणीएवढी, तेव्हा मूठ परातीवर गेली तशी मी खाली करवंटी धरली, मीठ त्यात ओतून घेतलं आणि कुठवर आलं तिथे कोळशानं खूण केली. गॅसबत्तीच्या काचेसारखी मी ती करवंटी जपून फळीवर ठेवली. सासूबाई पोट धरून हसल्या. मास्तरीण झालीस की आताच, म्हणाल्या. त्या हसल्या की मला त्या आवडत, आणि आवडल्या की माझा राग आणखीच वाढे.

पहिली बरणी भरली. चौथ्या दिवशी झाकण काढलं तर वर पांढरी बुरशी, मांजराच्या पिल्लाच्या पाठीसारखी मऊ. सासूबाईंनी वाकून पाहिलं आणि बरणी माडाच्या आळ्यात रिकामी केली.

दुसऱ्या वेळी मी काहीच चुकू दिलं नाही. मीठ खुणेपर्यंत, ऊन पूर्ण, बरणी उकळत्या पाण्यानं धुऊन तापवून घेतलेली. आटताना आधी रटरट वाजतं आणि मग आवाज जड होऊन फदफद येतो, तेव्हाच उतरवायचं, हेही शिकले होते. सहाव्या दिवशी वर फेस आला आणि वास सुटला. तीही बरणी आळ्यात गेली. मग मनात नको ते येऊ लागलं. खरं सांगते, मला वाटलं, ही बाईच माझ्या बरणीत काहीतरी करते. तिला सून घरात हवी, शाळेत नको. मी दोन दिवस त्यांच्याशी कामापुरतं बोलले, आणि ह्यांच्याशी तेवढंही नाही. ह्यांनी बिचाऱ्यांनी काय केलं होतं? काहीच नाही, हाच तर माझा राग होता.

शाळा उघडायला दहा दिवस राहिले. म्हणजे आता एकच बरणी, आणि तीही आजउद्यातच.

त्या दिवशी मागच्या पडवीत मी मडकं उतरवून बरणी भरत बसले होते. आमची नेहमीची कोळीण टोपली घेऊन आली. वर्षानुवर्षं घरात येणारी बाई, सासूबाईंना वहिनी म्हणे आणि मला बाय. टोपली उतरवून ती टेकली आणि माझ्याकडे बघत राहिली. मी आपली माझ्या नादात. बोट बुडवलं, चाखलं, वाटलं तिखट कमी. पुन्हा बुडवलं. नाही, बरोबर आहे. पुन्हा एकदा, खात्रीसाठी.

ती म्हणाली, "बाय, तोंडातलं बोट परत बरनीत घालतेस? मग त्याला फेस येनारच."

मी तशीच बसले, बोट तोंडात. अगदी थोबाडीत मारल्यासारखं झालं. माझ्या माहेरी सगळंच चाखून करत. आई तर पळीभर आमटी तळहातावर घेऊन आधी मला द्यायची, मीठ बघ गं म्हणून. चाखल्याशिवाय रांधणं मला ठाऊकच नव्हतं. आणि ह्या घरात माळकरी बाईनं मासळीचं आंबट चाखायचा प्रश्नच नव्हता. शिजताना कोणी तोंड लावेल हे सासूबाईंच्या स्वप्नातही आलं नसेल, म्हणून त्यांनी मला ते कधी बजावलंच नाही. त्यांना वाटलं असेल, पोरीच्या हातालाच बरकत नाही. आणि मी त्यांना काय काय समजून बसले होते. लाजेनं माझे कान तापले.

ती बरणी मी स्वतःच आळ्यात ओतली. कोळीण हळहळली, पण काय करणार. संध्याकाळी झाडावरची उरलीसुरली बिलिंबी काढली, आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा सगळं पहिल्यापासून. ह्या वेळी मी एक थेंब जिभेवर घेतला नाही. किती कठीण गेलं म्हणून सांगू. मडकं समोर फदफदतंय, तोंडाला पाणी सुटलंय, आणि मी पदराचा बोळा दातात धरून ढवळतेय. सासूबाई आतून येऊन बघून गेल्या. पदर का चावतेस, दात दुखतो का, म्हणून त्यांनी विचारलं. मी मानेनंच हो म्हटलं.

आठवा दिवस रविवारी आला. सोमवारी शाळा. सकाळी मी आंघोळ करून बरणीसमोर बसले आणि सासूबाईंनी झाकण काढलं. वर लाल तवंग, बाकी काही नाही. बुरशी नाही, फेस नाही. त्यांनी वास घेतला, बरणी उजेडाकडे तिरकी केली, पुन्हा वास घेतला. म्हणाल्या, टिकलं. आता दुपारी पानात काय म्हणतात ते बघू. कोणाचं आंबट आहे ते आधी कोणालाच सांगायचं नाही; आवडलं, तर माझं नाव सांगून शाळेचं त्याच पंगतीत पक्कं करायचं, असंही ठरवलं.

दुपारी मामंजी आणि हे पाटावर बसले. तळलेले बोंबील, भात, कोळंबीचं कालवण. सासूबाई वाढत होत्या. मी स्वयंपाकघराच्या उंबऱ्याशी उभी. मामंजींनी बोंबलाचा तुकडा आंबटात बुडवला, खाल्ला. दुसरा बुडवला. मग हात थांबवून त्यांनी वर पाहिलं, थेट सासूबाईंकडे.

"आज आंबट फार छान झालंय गं तुझं," ते म्हणाले. "इतक्या वर्षांत असं जमलं नव्हतं."

ह्यांचा घास हातातच राहिला. मामंजी कशाला छान म्हणाल्याचं आम्हां कोणालाच आठवत नव्हतं. सासूबाई पळी धरून उभ्या होत्या. त्यांचा चेहरा मला दिसला, आणि तो अगदी लहान मुलीसारखा झाला होता.

एवढंच बोलायचं होतं मला: मामंजी, ते मी केलंय. एवढं म्हटलं की शाळा माझी. दोन महिने मी ह्या क्षणासाठी धुमसत होते. पण तो चेहरा बघितल्यावर जीभच उचलेना. राग कुठे गेला कोण जाणे. मला वाटलं, राहू दे. त्यांनाच असू दे हे. शाळा गेली तर गेली, पुढच्या वर्षी बघू. असं वाटलं आणि त्याच वेळी रडूही फुटायला आलं, कारण पुढच्या वर्षी ती जागा काही माझी वाट बघत बसणार नव्हती.

सासूबाईंनी भात वाढला. मग पळी सरळ धरून म्हणाल्या, "माझं नाही ते. सुनेनं केलंय. उद्यापासून ती शाळेत शिकवायला जाणार आहे."

मामंजी हूं म्हणाले आणि त्यांनी आणखी आंबट मागितलं. ह्यांनी माझ्याकडे बघून भुवया उडवल्या, जणू सगळं ह्यांनीच जमवून आणलं होतं.

पुरुष उठल्यावर आम्ही दोघी जेवायला बसलो. सासूबाईंचं वरणभाताचं ताट नेहमीसारखं जरा लांब. मी म्हटलं, आई, तुमचंच म्हणून राहू द्यायचं होतं ना. मी बोलले नसते.

"ठाऊक आहे," त्या म्हणाल्या. "म्हणून तर बोलले."

मग विचारलं, कसं लागतं गं ते? मी म्हटलं, आई, मलाही ठाऊक नाही, मी ह्या खेपेला चाखलंच नाही. आणि मग बोटाची सगळी कथा सांगितली. त्यांनी कपाळाला हात लावला आणि इतक्या हसल्या की त्यांना ठसका लागला. पाणी द्यायला उठले आणि मीच रडायला लागले. रडायला काय झालं, म्हणाल्या, उद्या शाळा आहे ना, केस धुऊन घे जा.

मी त्या शाळेत पुढे सत्तावीस वर्षं शिकवलं. सासूबाईंचे हात चालत होते तोवर आंबट त्याच करत, आणि मामंजी ते मुकाट्यानं खात. पुन्हा कधी छान म्हणतात का, ह्यावर मी कान ठेवून असे. म्हणाले नाहीत. सगळ्या संसारात त्यांनी बायकोचं एकदाच कौतुक केलं, आणि ते तिनं उचलून मला दिलं.