परवानगी मागायला चेन्नईला

पुण्याहून चेन्नईला रेल्वेने साधारण वीस तास लागतात. मागच्या वर्षी हा प्रवास मी आत्याची मुलाखत चित्रित करायला केला होता. या जानेवारीत पुन्हा गेले, ती तिची परवानगी मागायला.

आत्या म्हणजे माझ्या वडिलांची थोरली बहीण, आमच्या तंजावरी मराठी घराण्यातली सगळ्यांत वयस्कर. घराण्यावर मी एक माहितीपट करते आहे. मुलाखतीत आत्या पाठ केल्यासारखी बोलली. मुलाखत संपल्यावर मी कॅमेरा बंद करायला विसरले आणि दोघी शेंगा निवडत बसलो. तेव्हा ती म्हणाली, "शाळेतल्या नोकरीला ह्यांनी नको म्हटलं नव्हतं गं. मलाच भीती वाटली. लोकांना मात्र ह्यांचं नाव सांगितलं."

आतोबांना जाऊन बारा वर्षं झाली. संकलन करताना हे वाक्य सापडलं. सगळ्या फिल्ममधलं सर्वांत खरं, पण तिने ते मला सांगितलं होतं, कॅमेऱ्याला नाही. फोनवर विचारता आलं असतं. पण फोनवर आत्या कुणालाच नाही म्हणत नाही.

एग्मोरला उतरलात तर स्टेशनसमोरच्या रांगेपेक्षा मागच्या गल्लीतली लॉजं बघा; पंधराशेत स्वच्छ, शांत खोली मिळते. इडली, वडा, कॉफी शंभराच्या आत. आत्याच्या घरी, पेरुंगुडीला, ऑटोने साडेतीनशे झाले. नऊच्या आत निघा, नाहीतर आयटीवाल्यांच्या गाड्यांत अडकाल.

दार रघूअण्णाने, आत्याच्या मुलाने, उघडलं. "पुन्हा आलीस? अम्मा आता मानधन मागेल हं!"

जेवायला माझ्या आवडीची डांगर पचडी, म्हणजे दह्यात कालवलेलं उडदाचं पीठ, होती. शेवटी सांगूनच टाकलं, "आत्या, त्या दिवशी कॅमेरा चालू राहिला होता. नोकरीचं बोललीस ते त्यात आलंय. तू एकटीने बघ. नको म्हणालीस तर आत्ता पुसते."

तिने ताट बाजूला सारलं. मग म्हणाली, "एकटीने कशाला? रघू, तूही बस."

लॅपटॉपवर बघून झाल्यावर रघूअण्णाचा चेहरा उतरला. "अम्मा, यावरून मी अप्पांशी किती भांडलो! तुझं आयुष्य वाया घालवलं म्हणालो त्यांना."

"ते काय म्हणाले?"

"काहीच नाही. पेपर वाचत बसले."

"माझी लाज राखली त्यांनी," आत्या म्हणाली. तो उठून गॅलरीत गेला. तिने त्याला जाऊ दिलं. मग माझ्याकडे वळली. "हे ठेव. सगळ्या घराण्याला दाखव. त्यांच्यावरचं किटाळ जाऊ दे. आणि ते आधीचं काप. शाळेच्या गॅदरिंगमध्ये भाषण केल्यासारखी काय बोलले मी, अय्यो!"

मी इतकी हसले की डोळ्यांत पाणी आलं. थोड्या वेळाने गॅलरीतून आवाज आला, "अम्मा, कॉफी टाकू?"

"टाक. हिलाही."

परतीच्या गाडीत मी सोलापूरपर्यंत गाढ झोपले.

घरी आल्यापासून स्वतःला विचारते आहे: ती नको म्हणाली असती, तर खरंच पुसलं असतं? हो, असं वाटतं. खात्रीने सांगता येत नाही. ते ठरवायची वेळ आली नाही, याने मात्र फार हलकं वाटतं.

फिल्ममध्ये आतोबा कुठेच नव्हते. आता आत्याच्या त्या वाक्यानंतर त्यांचा एक फोटो आहे. सहा सेकंद. तिथलं संगीत काढून टाकलं.