हौसाक्काचं तबक आणि मंडईमागचं पोतं

आमच्या पेठेत निवडणुकांचा इतिहास पक्षांच्या नावानं सांगत नाहीत, हौसाक्काच्या तबकानं सांगतात. अमक्याला हौसाक्कानं ओवाळलं आणि तो आमदार झाला, तमक्याच्या वेळी निरांजन विझलं आणि तो पडला, अशी सगळी मांडणी. मतदारसंघाचं नाव बदललं, ‘शहर’ होतं ते ‘उत्तर’ झालं, शिक्का जाऊन बटण आलं, कधी माणूस तोच राहून चिन्ह बदललं, कधी चिन्ह तेच राहून माणूस. तबक मात्र तेच. पितळेचं, एका कडेला पोचा आलेलं.

हौसाक्का मूळची कोडोलीची. लग्न होऊन पेठेत आली तेव्हा नवऱ्याचा दुधाचा धंदा होता. तो मोडल्यावर ती मंडईत भाजी घेऊन बसली, ती अजून बसते. आता शेजारी सून वर्षाराणी असते. हौसाक्काचा आवाज मंडईच्या या टोकापासून त्या टोकाला पोचतो आणि भावात घासाघीस करणाऱ्याला ती “पावणं, घरी कोण वाट बघंना झालंय व्हय?” असं विचारून वाटेला लावते.

तबकाची ख्याती एका म्हशीमुळे झाली, हे पेठेत आता कुणाला आठवत नाही, किंवा आठवणं सोयीचं नाही. शिक्क्याच्या मतपत्रिकांचा काळ होता. हौसाक्काचा नवरा कुरुंदवाडकडं नवी म्हैस आणायला गेला होता. म्हैस दारात आली की तिच्या पायावर पाणी घालून, हळदकुंकू लावून ओवाळायचं, म्हणून ही तबक घेऊन उंबऱ्यात उभी. वळणावरून म्हशीऐवजी एक अपक्ष उमेदवार आला. बरोबर मोजकी माणसं, घसा बसलेला, सबंध पेठेत त्याच्यासाठी एक दार उघडलेलं नव्हतं. समोर पेटलेलं निरांजन दिसल्यावर त्याचे डोळे भरून आले आणि तो तिच्यापुढं वाकला. वाकलेल्या माणसाला तसंच कसं घालवायचं, म्हणून तिनं कुंकू लावलं आणि ओवाळलं. मागून म्हैस आली तेव्हा निरांजनातलं तेल संपलं होतं.

तो अपक्ष निवडून आला. आमच्या तालमीत कुस्ती आता भिंतीवरच्या फोटोंतच उरली आहे, पण निवडणुकीचा आखाडा तिथंच असतो. त्या तालमीनं निकालाचा अर्थ लावला, की ही आक्काच्या तबकाची पुण्याई. त्यानंतर पदयात्रा पेठेत शिरली की पहिली हौसाक्काच्या दारात. तिनं कुणालाच नाही म्हटलं नाही. सगळ्यांनाच ओवाळल्यावर निवडून येणारा त्यांच्यातलाच असणार, हे कळायला गणित लागत नाही. पण पेठेत राहायचं असेल तर ते बोलायची सोय नाही. दारात आलेल्या त्या दोघांपैकी म्हशीनं कसलंही आश्वासन न देता दोन्ही वेळा दूध दिलं, एवढं मात्र नोंदवून ठेवतो.

ओवाळल्यावर उमेदवार विचारतो, “आक्का, काय पाहिजे?” हा विधीचाच भाग. बाकीच्या बायका “तुमी निवडून या, दुसरं काय नगं,” असं शिकवल्यासारखं म्हणतात. हौसाक्का त्या पहिल्या अपक्षापासून एकच मागत आली: मंडईत बसणाऱ्या बायकांना जायला जागा. मंडईत पुरुषांसाठी मुतारी आहे. बायकांसाठी मंडईची मागची भिंत आहे. कुजक्या पानांच्या ढिगापलीकडं दोघी-दोघी जातात, एक बसते आणि दुसरी पाठ करून बटाट्याचं रिकामं पोतं आडवं धरते. सासवांनी धरलं, सुनांनी धरलं, आता नातसुना धरतात. या पोत्याचा इतिहास कुणी सांगत नाही.

पहिल्या आमदारानं “झालं म्हणून समजा” असं सांगितलं आणि ते झालं असंच तो शेवटपर्यंत समजत राहिला. त्याच्यानंतरच्यानं कोनशिला बसवली. नारळ फुटला, तालमीनं हलगी लावली, हौसाक्कानं कोनशिलेलाही ओवाळलं. संडास काही आला नाही, पण दगड चांगला गुळगुळीत होता. त्यावर कोथिंबिरीच्या जुड्या ठेवल्या की ताज्या राहतात. मग एकानं विकासनिधी आणून मंडईच्या तोंडाशी स्वागतकमान उभारली. कमानीवर दोन्ही बाजूंना गर्जना करणारे सिंह आहेत आणि ‘सुस्वागतम्’ असं लिहिलं आहे. कशाला या म्हणून, ते लिहिलेलं नाही. त्याच्यापुढच्यानं खरंच संडास आणला, चाकांवरचा. प्रचाराच्या आठवड्यात तो मंडईत उभा होता, बायकांनी त्यापुढं उभं राहून फोटोही काढले, आणि निकालाच्या दिवशी गुलाल उधळत असतानाच ट्रॅक्टर लावून तो ओढून नेला. विजयी उमेदवाराच्या मिरवणुकीत मधोमध तो डुलत चालला होता, हे मी स्वतः पाहिलं.

हौसाक्काचंही सगळं गोड मानायचं कारण नाही. तिला हा मान आवडत होता. पेपरात आलेले फोटो तिनं घरात ओळीनं लावलेत, त्यात निम्मे पडलेले आहेत. दर वेळी ती चिडायची, दर वेळी तबक घासायची. पेठेलाही वाटायचं, चिडली तरी ओवाळील.

गेल्या विधानसभेच्या आधी वर्षाराणी दवाखान्यात पडली. ताप, पाठीत कळा, लघवीत रक्त. डॉक्टरनी निदान सांगितलं आणि वर विचारलं, पाणी किती पिता? मंडईत बसणारी बाई सकाळपासून दुपारी घरी जाईपर्यंत पाणी पीत नाही, हे त्यांना माहीत नव्हतं. माहीत असायचं कारणही नाही, तेही त्याच मतदारसंघातले असले तरी. भरपूर पाणी प्या, नाहीतर मूत्रपिंड हातचं जाईल, असं त्यांनी बजावलं. वर्षाराणी खाटेवरून सासूला म्हणाली, “आत्ती, पाणी पितो. पण मग जाऊ कुठं, तेबी डाक्टरलाच इचारा.”

त्या वर्षी हौसाक्कानं तबक माळ्यावर टाकलं.

तालमीचा अध्यक्ष बाळासो धावत आला. त्याच्या उमेदवाराची, राजवीरदादाची, पदयात्रा ठरली होती. तो परंपरेवर बोलला, पेठेच्या इज्जतीवर बोलला. हौसाक्कानं भेंडी निवडता निवडता ऐकून घेतलं.

“तुझी आईबी हितंच बसायची, बाळासो,” ती म्हणाली. “तिला पोतं मी धरलंय. तवा कुठं हुती रं पेठंची इज्जत?”

तरी बाळासो उठला नाही. शेवटी तिनंच तोड काढली. राजवीरदादानं यावं, पण दारात नाही, मंडईच्या मागच्या भिंतीशी. तालमीत खल झाला. तिथं न्यावं तर शोभा नाही, न न्यावं तर तबक हुकणार, आणि समोरचा उमेदवार टपूनच होता. तेव्हा न्यायचं ठरलं.

राजवीरदादा पांढऱ्या कपड्यांत, कपाळाला आधीच चार दारांचं कुंकू लावून आले. ढिगाजवळ येताच त्यांचा हात रुमालाकडं गेला, पण मोबाईल रोखलेले बघून तो परत जोडला गेला. हौसाक्का उभी होती. हातात तबक नव्हतं, पोतं होतं.

“धरा,” तिनं पोतं पुढं केलं.

दादांनी आधी बाळासोकडं बघितलं, मग जोतीरामकडं, जो त्यांचे फोटो काढायला असतो.

“त्यांच्याकडं काय बघताय? मत मागाय तुमी आलाय, त्यांनी न्हवं. धरा आडवं, आन् पाठ करून उभा ऱ्हावा.”

मग तिनं बाकीच्या सगळ्या पुरुषांना गल्लीच्या तोंडाशी पिटाळलं, आणि दादांनी धरलेल्या पोत्यामागं ती स्वतः गेली. सत्तरी गाठलेली बाई, गुडघे धरलेले. तिला वेळ लागला. तेवढा वेळ या मतदारसंघाचे भावी आमदार नाक न झाकता दोन्ही हात पसरून उभे होते. बाहेर आल्यावर तिनं पोतं घेतलं, घडी घातली आणि शांतपणे म्हणाली, “वर्षाराणीला हे रोज लागतंय. आता तुमास्नी ठावं न्हाय असं म्हणू नगा.”

दादांचे कान लाल झाले होते. एका महिन्यात काम करतो, असं त्यांनी सांगितलं. मला त्या क्षणी ते खरं वाटलं, पेठेलाही वाटलं.

पण जोतीरामनं गल्लीच्या तोंडाशी उभं राहून लांबून फोटो काढलाच होता. दुसऱ्या दिवशी कमानीवर, दोन सिंहांच्या मधोमध, डिजिटल फलक लागला: पोतं पसरून उभे राजवीरदादा, चेहरा गंभीर, आणि खाली ‘माता-भगिनींच्या सन्मानासाठी सदैव उभा’. भिंत, ढीग आणि हौसाक्का कापून टाकली होती. दादा निवडून आले. ओवाळलं नसताना आले, तेव्हा आता तरी हे तबकाचं खूळ जाईल असं मला वाटलं होतं. ते गेलं. तालमीनं निकालाचा नवा अर्थ लावला, की खरी पुण्याई पोत्याची.

महिना गेला, वर्ष गेलं. महापालिकेची निवडणूक लागली आणि प्रभागातल्या बायकांच्या राखीव जागेसाठी उभ्या राहिलेल्या दोघीही, एकीच्या मागोमाग दुसरी, मंडईत आल्या. संडासाचं कुणी बोललं नाही. दोघींना पोतं धरायचं होतं. मला संताप आला. बोलून दाखवल्यावर हौसाक्कानं माझ्याकडं असं बघितलं, की जणू मीच निवडणुकीला उभा आहे.

“धरू देत की,” ती म्हणाली. त्या दोघींना तिनं अट घातली: फोटोपुरतं चालणार नाही, मंडई उठेपर्यंत धरायचं, आणि एका दिवसावर भागणार नाही. दोघींनाही पुण्याई सोडवेना. वाटणी झाली, एकीचा सोमवार, दुसरीचा मंगळवार, अशी मतदानापर्यंत आळीपाळीनं, त्यांच्याबरोबर त्यांचं महिला मंडळ. भरजरी काठांच्या साड्या नेसून त्या कुजक्या पानांत उभ्या राहिल्या. त्या पंधरवड्यात वर्षाराणी सकाळी गाळ्यावर बसल्या बसल्या तांब्या तोंडाला लावून घटाघटा पाणी पीत होती. शेजारच्या बायकाही. मंडईत मी पहिल्यांदाच बायकांना पाणी पिताना पाहिलं.

गुरुवारी मतदान झालं. शुक्रवारी गुलाल उडाला, तालमीपुढं हलगी वाजली, आणि मागच्या भिंतीशी कुणी नव्हतं. वर्षाराणीनं भरून आणलेला तांब्या उचलला, थोडा वेळ हातात धरला आणि सगळं पाणी कोनशिलेवरच्या कोथिंबिरीवर शिंपडलं.