ओढ्यापलीकडची जागा

माझ्या लेकीने, सईने, हात पुढे केला होता. नुसता उजवा तळवा, प्रसादाला करतात तसा. तिच्याआधी चार मुलांनी केला होता म्हणून तिनेही केला. काकूंच्या हातात पितळेची छोटी बाटली होती. त्यातलं गंगाजल त्या एकेकाच्या हातावर थेंबभर घालत होत्या, मग डोक्यावर शिंपडत होत्या. पार्किंगमध्ये, उघड्या डिकीशेजारी. आमची पाळी आली आणि काकूंनी बाटलीला टोपण लावलं.

"तुम्हाला नको," त्या म्हणाल्या. "तुम्हाला काही लागत नाही त्याचं."

हळू म्हणाल्या. चहात साखर कमी लागते ना, असं विचारावं त्या आवाजात. सईचा हात तसाच पुढे. नऊ वर्षांची आहे ती. तिला वाटलं, बाटलीतलं पाणी संपलं.

त्या दिवशी सकाळी टेक्सासातल्या फ्रिस्कोहून आम्ही तीन गाड्या घेऊन निघालो होतो. बेत समीरचा. समीर ऑफिसात माझ्या टीममध्ये आहे, पुण्यात वाढलेला. तीन तासांवर, पूर्व टेक्सासच्या झाडीत, इथल्या मूळ लोकांचं जुनं दफनस्थळ आहे. गवताने झाकलेले मातीचे मोठाले उंचवटे. व्हॉट्सॲप ग्रुपवर त्याने लिहिलं होतं, कल्चरल ट्रिप, मुलांना हिस्टरी कळेल, मग तिथेच पॉटलक, प्रत्येकाने घरून एकेक पदार्थ आणायचा. माझ्या नवऱ्याच्या ऑफिसात त्या शनिवारी सॉफ्टवेअरचं रिलीज होतं, म्हणून मी आणि सई दोघीच गेलो.

समीरचे आईवडील सहा महिन्यांसाठी आलेले. माझी मिनिव्हॅन ऐसपैस, म्हणून काका-काकू माझ्याकडे बसले. काका निघाले आमच्याच तालुक्याचे. नोकरी पुण्यात झाली, पण घर, शेत, भाऊबंद सगळे तिकडेच. त्यांना कोण आनंद झाला. "आपल्याकडची पोर हायवेला एवढी गाडी हाकते, बघ," असं काकूंना तीनदा म्हणाले. काकूंनी सईला स्वतःच्या हाताने चकली भरवली. "बाळ, खा गं, आजीनेच केलीय," म्हणाल्या. मला बरं वाटलं. खोटं कशाला सांगू, फार बरं वाटलं.

काकांनी गाव विचारलं तेव्हा मी तालुक्याचं नाव सांगितलं. नेहमीच सांगते. सासरचं आडनाव 'कर'वर संपतं, कुणाचंही असू शकतं. मुलीचं नाव असं ठेवलं की त्यावरून कुणाला काही कळू नये. या देशात बारा वर्षं झाली. खोटं मी कधी बोलले नाही, खरं बोलायची वेळच येऊ दिली नाही. आणि याला मी हुशारी समजत होते.

गाडीतच फोन वाजला होता. बाळूचा व्हॉइस मेसेज. बाळू माझा चुलतभाऊ, गावातच राहतो. मी तो ऐकला नाही. ऐकायची गरजच नव्हती, तीन महिने तो एकच गोष्ट मागत होता.

आमच्या गावात ओढा आहे. गाव अलीकडे, आम्ही पलीकडे. आमच्या वस्तीच्याही मागे आमचा मसणवटा, बाभळींच्या मधली अर्धा एकर जागा. गावच्या स्मशानात आम्हाला येऊ देत नसत, तेव्हापासूनची आमची माणसं तिथे पुरलेली आहेत. माझा आजाही तिथेच. आता ती जागा सपाट करून गावच्या नव्या मंगल कार्यालयाचं पार्किंग करायचं ठरलंय. बाळूने हरकत घेतली होती. अर्जाला यादी जोडायची होती, तिथे कोण कोण पुरलंय आणि त्यांचे वारस कोण. नाव, गाव, जात, सगळं. "ताई, तू फक्त सही कर. बाकीचं मी बघतो," एवढंच त्याचं म्हणणं. पण यादी पेपरात येणार, फोनाफोनीने फिरणार, आणि त्या तालुक्याची माणसं फ्रिस्कोतही आहेत. मी दर वेळी म्हणायचे, बघते.

तिथे पोचल्यावर सगळ्यांनी आधी फोटो काढले. मग मुलं सर्वात मोठ्या उंचवट्यापाशी जमली. सईने मला विचारलं, "आई, व्हाय इज इट सो हाय?"

मी विचार न करता बोलून गेले. म्हटलं, पुरल्यावर ताजी माती ढीग करूनच ठेवावी लागते. दोन पावसाळ्यांत ती खाली बसते, सपाट केली तर खड्डा पडतो. आत मीठ घालतात. वर दगड रचतात, दगडांवर बाभळीच्या काट्या, म्हणजे कुत्री-कोल्ही उकरत नाहीत.

इथल्या उंचवट्यांचं कारण निराळंच होतं. पिढ्यानपिढ्या टोपल्यांनी माती वाहून ते रचलेत, असं गाइडने नंतर सांगितलं. मी जे सांगितलं ते आमच्या गावचं. आजा गेला तेव्हा मी सातवीत होते. पोरींनी जायचं नसतं, तरी मी मागोमाग गेले होते आणि बाभळीआडून सगळं पाहिलं होतं.

काका शेजारी उभे होते.

"बरीच माहिती आहे हो तुम्हाला," ते म्हणाले. सकाळपासून मला 'तू' म्हणत होते.

"वाचलंय कुठेतरी."

"छे, हे वाचून नाही येत." मग विचारलं, "तालुक्यात कुठलं गाव म्हणालात?"

मी गावाचं नाव सांगितलं. त्यांनी मान हलवली. गाव त्यांना चांगलंच माहीत होतं, काही भाऊबंद तिथलेच, म्हणाले.

"ओढ्याच्या अलीकडे की पलीकडे?"

चाळीस माणसांच्या कॉलवर मी व्हाइस प्रेसिडेंटला तोंडावर चूक दाखवते. तिथे माझ्या तोंडातून शब्द फुटेना. मान खाली गेली. काका "हं" म्हणाले आणि काकूंकडे गेले. त्यांच्या कानाशी काहीतरी बोलले. काकूंनी एकदा माझ्याकडे पाहिलं, मग सईकडे.

तेवढ्यात समीरचा मुलगा उंचवट्यावर चढला. त्याच्यामागे आणखी दोघं, आणि फोटो काढायला समीर. पायथ्याशी पाटी होती, वर चढू नये म्हणून. गाइड आली. साठीची बाई, जीन्स, पाठीवर पांढरी वेणी. तिच्या लोकांना इथून हाकलून शेजारच्या राज्यात नेऊन बसवलं होतं. ती दर शनिवारी तिकडून गाडी चालवत इथे येते. तिने आवाज चढवला नाही.

"खाली उतरा," ती इंग्रजीत म्हणाली. "यात माझी माणसं आहेत."

समीर हसून म्हणाला, "सॉरी सॉरी, वुई डिडंट नो." पाटीसमोर उभा राहून. काका मराठीत पुटपुटले, "मातीचा ढीग तर आहे, त्याचं काय एवढं."

ती बाई हलली नाही. शेवटचा पोरगा खाली येईपर्यंत तिथेच उभी राहिली. मी तिच्याकडे बघत होते आणि मला माझीच लाज वाटत होती. यात माझी माणसं आहेत. किती साधं वाक्य! मला बारा वर्षांत एकदाही जमलं नव्हतं. मी काय म्हणाले होते? वाचलंय कुठेतरी. माझ्या आज्याला मी कुठेतरी वाचलेला माणूस करून टाकलं होतं.

त्यानंतर आम्ही पार्किंगकडे आलो आणि काकूंनी ती बाटली काढली. दफनभूमीत फिरून आलो, असंच जेवायला कसं बसायचं, म्हणाल्या. पुढचं सांगितलंच आहे.

काकांनी तोवर आपली शाल आणि औषधांची पिशवी माझ्या गाडीतून काढून घेतली होती. समीरच्या गाडीत आधीच पाच जण होते. काका-काकू जाताना त्यातच घुसून बसायच्या तयारीत. माझ्या गाडीत मागच्या चार सीट रिकाम्या.

"व्हाय आर दे नॉट कमिंग विथ अस?" सईने विचारलं. मोठ्याने. सगळ्यांना ऐकू गेलं.

त्या प्रश्नाने मी जागी झाले. मी गप्प बसले तर उद्या ही पोरगीही कुणाला तरी तालुक्याचंच नाव सांगेल. मी सईचा पुढे केलेला हात माझ्या हातात घेतला.

"काकू," मी म्हटलं, "तुम्ही बरोबर ओळखलंत. मी ओढ्यापलीकडची. माझा आजा गावचं मयतीचं काम करायचा. कुणी गेलं की उन्हातान्हात दहा कोस चालत सांगावा घेऊन जायचा आणि दाराबाहेर उभं राहून सांगायचा. सरणाची लाकडं वाहायचा. तान्हं मूल गेलं की त्याचा खड्डाही तोच खणायचा. तुमच्या भाऊबंदांत कुणाचं तान्हं गेलं असेल तर त्याला मातीत शेवटचं त्यानेच ठेवलंय. तेव्हा नाही विटाळ झाला? त्याचा हात चालला. माझ्या पोरीच्या हातावर एक थेंब चालत नाही?"

काका म्हणाले, "आम्ही कुठे काय म्हटलं? उगाच विषय वाढवू नका."

समीर मध्ये पडला. "चिल यार. आई ओल्ड स्कूल आहे, डोन्ट टेक इट पर्सनली. आपण इथे कधी हे बघतो का?"

"तू बघत नाहीस, कारण तुला कुणी विचारत नाही," मी म्हटलं. "पाणी मला नकोच आहे, समीर. दिलं असतं तरी आता नको. माझा डबा दे."

मी केलेला वांगीभात पॉटलकसाठी मांडलेल्या टेबलावर तसाच होता. बाकीच्या डब्यांची झाकणं निघाली होती, याचं उघडलेलंही नव्हतं. मी डबा उचलला, सईला गाडीत बसवलं आणि निघाले. पंधरा मिनिटांनी गॅस स्टेशनला गाडी थांबवली आणि आम्ही दोघींनी तो भात त्याच डब्यातून खाल्ला. खाता खाता मी सईला सगळं सांगितलं. आजा, ओढा, मसणवटा, जेसीबी, बाळूचा अर्ज. तिने एकच विचारलं, "सो डिड यू साइन?"

नाही, म्हटलं. भीती वाटत होती.

बाळूचा सकाळचा मेसेज तिथे ऐकला. जागेच्या मोजणीला माणसं येऊन गेली होती. मी उत्तर दिलं, "बाळू, यादीत माझं नाव घाल. पूर्ण नाव, जातीसकट. आणि पेपरवाला विचारील तर माझा फोन नंबर दे." घरी गेल्या गेल्या फॉर्म प्रिंट केला, सही केली, स्कॅन करून पाठवला.

एव्हाना ग्रुपवर समीरचे फोटो आले होते. उंचवट्यावर उभं राहून काढलेले, खाली लिहिलेलं, ब्लेस्ड. त्याखाली मी माझा अर्ज टाकला. वर लिहिलं, 'माझ्या आज्याचीही अशीच एक जागा आहे आणि ती मोडायला निघालेत. मी दलित आहे. हे तुम्हाला बारा वर्षांपूर्वीच सांगायला हवं होतं.'

दोघं ग्रुपमधून बाहेर पडले. एक अंगठा आला आणि थोड्या वेळाने तोही काढून घेतला गेला. सोमवारी समीर लंचला दुसऱ्या टेबलावर बसला. बसू दे. मी माझ्या जागेवर बसून जेवले.

बाळू म्हणतो, काम डिसेंबरात सुरू करणार आहेत. मी दोन तिकिटं काढली आहेत, माझं आणि सईचं. आज्याला जिथे ठेवलं तिथे वरचे दगड अजून आहेत, बाळूने फोटो पाठवलाय. जेसीबी आला की त्या दगडांवर मी बसणार आहे. सई शेजारी असेल. ज्याला उठवायचं असेल त्याने येऊन आधी मला विचारावं, इथे कोण आहे म्हणून. माझी माणसं आहेत, हे मी त्याला त्याच्या तोंडावर सांगणार आहे, आणि उठणार नाही.